किमची-साउरक्राउटचा भात दर वेळी गिच्च होतो? आधी कोबीतलं पाणी बघा

थंडीत कामावरून उशिरा घरी आल्यावर अर्ध्या तासात काहीतरी गरम, तिखट आणि पोटभर हवं असेल, तर किमची (मिरची-लसूण लावून आंबवलेला कोरियन कोबी), साउरक्राउट (मिठात आंबवलेला जर्मन कोबी) आणि स्मोक्ड सॉसेज घालून परतलेला भात हा फार चांगला पर्याय आहे. कोरियन किमची बोक्कुमबाप, म्हणजे किमची घालून परतलेला भात, आणि जर्मन कोबी-सॉसेज यांचं हे लग्न मनापासून जमतं. पण हा भात करणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाची तक्रार एकच असते. पहिली दोन मिनिटं सगळं छान दिसतं, मग पॅनच्या तळाशी तांबूस पाणी साठायला लागतं, शितं एकमेकांना धरतात आणि ताटात येतो तो आंबट लगदा. आच वाढवली तर तळ करपतो आणि वरचा भात ओलाच राहतो. तेल वाढवलं तर लगदा तेलकट होतो. पुढच्या वेळी तांदूळ बदलून पाहिला तरी तेच.

कारण दोष बहुतेक वेळा तांदळाचा नसतो. भात पॅनमध्ये पडल्यानंतर कोबीचं पाणी सुटतं, ही खरी अडचण आहे. ते पाणी आधी काढलं, तर उरलेल्या बऱ्याचशा तक्रारी आपोआप कमी होतात.

पुढचं सगळं दोघांच्या प्रमाणावर धरलं आहे: १८० ग्रॅम कोरडा तांदूळ (शिजून साधारण ४०० ग्रॅम), १५० ग्रॅम किमची, १५० ग्रॅम साउरक्राउट, १२० ग्रॅम स्मोक्ड सॉसेज, एक मोठा कांदा, एक मोठा चमचा गोचुजांग (आंबवलेल्या मिरचीची कोरियन पेस्ट), थोडं लोणी आणि तेल, अर्धा छोटा चमचा कॅरवे (जिऱ्यासारखं दिसणारं सुवासिक बी), शेवटी तिळाचं तेल आणि वर एकेक अंडं.

पाणी सुटतं म्हणजे नेमकं काय होतं

साउरक्राउट वजनाच्या नव्वद टक्क्यांहून जास्त पाणीच असतं. किमचीचंही फारसं वेगळं नाही. मिठाने आणि आंबवण्याने कोबीच्या पेशी आधीच सैल झालेल्या असतात, त्यामुळे जरा उष्णता लागली की त्या पाणी सोडून देतात. ताजा कोबी परतताना जेवढा वेळ हाताशी असतो तेवढा इथे मिळत नाही.

आता हिशोब करू. १०० ग्रॅम पाण्याची वाफ करायला सुमारे २२६ किलोज्यूल उष्णता लागते. खोलीच्या तापमानाचं तेवढंच पाणी उकळीपर्यंत आणायला लागते त्याच्या जवळजवळ सातपट. तुमच्या शेगडीतून पॅनमध्ये प्रत्यक्ष एक किलोवॅट उष्णता पोहोचत असेल, तर पावणेचार मिनिटं निव्वळ त्या पाण्याची वाफ करण्यात जातात. तोवर पॅनमधलं काहीच १०० अंशांच्या फारसं वर जात नाही. खरपूस रंग आणि वास यायला साधारण १४० अंशांच्या पुढे जावं लागतं. म्हणजे त्या चार मिनिटांत भात परतला जात नसतो, दुसऱ्यांदा शिजत असतो. उलथनं फिरवत राहिलं की शितं मोडतात, स्टार्च बाहेर येतो, पाण्यात मिसळतो आणि खळ तयार होते. हाच तो गिचका.

उपाय दोन पायऱ्यांचा आहे, आणि दोन्ही कराव्या लागतात.

पहिली पायरी पिळण्याची. साउरक्राउट चाळणीत निथळत ठेवणं पुरेसं नाही. मुठीत घेऊन, थेंब पडायचे थांबेपर्यंत घट्ट पिळा. हे पाणी टाकून दिलं तरी चालेल, कारण त्यात मुख्यतः आंबटपणा आणि मीठच असतं. (जर्मनीत साउरक्राउटचा रस बाटलीत भरून पिण्यासाठी विकतात, त्यामुळे आवडत असेल तर पिऊन टाका.) किमचीही पिळा, पण तिचं पाणी वाटीत धरून ठेवा. त्यात मिरची, लसूण, आलं आणि बहुतेक वेळा माशाच्या सॉसची चव उतरलेली असते. ते फेकणं म्हणजे निम्मी किमची फेकणं. फक्त ते पॅनमध्ये कधी जायचं, हे आपण ठरवायचं.

दुसरी पायरी भाताशिवाय परतण्याची. सॉसेजचे अर्धा सेंटिमीटर जाड तुकडे तेलात रंगावर आणून बाहेर काढा. त्याच चरबीत कांदा आणि कॅरवे, मग पिळलेला आणि चिरलेला दोन्ही प्रकारचा कोबी. मध्यमपेक्षा थोडी जास्त आच, झाकण अजिबात नाही. इथे कान उघडे ठेवा. सुरुवातीला सुर्रर असा ओला, जाड आवाज येतो आणि वाफेचा लोट वर जातो. सहा-सात मिनिटांनी वाफ विरळ होते आणि तो आवाज बारीक तडतडीवर येतो. साउरक्राउटचा फिका पिवळा रंग मधासारखा होतो, कडा तपकिरी दिसायला लागतात, आणि उलथन्याने कोबी बाजूला सारला तर मागे चरबी दिसते, पाणी दिसत नाही. तोवर भाताला हात लावू नका. घाई नेमकी इथे होते, कारण घड्याळ दिसत असतं आणि भूक लागलेली असते.

पॅन लहान असेल तर हे सगळं करूनही फसतं. दोघांसाठी २८ सेंटिमीटरचा रुंद पॅन हवा. चौघांसाठी करायचं असेल तर दोन घाणे काढा. एकाच पॅनमध्ये दुप्पट माल भरला की वाफेला बाहेर पडायला जागाच राहत नाही. इंडक्शनवर आणखी एक गोष्ट पाहा: आतली कॉइल पॅनपेक्षा लहान असेल तर मधला भाग करपतो आणि कडेचा कोबी ओला राहतो. अशा वेळी एक पायरी आच कमी ठेवून वेळ वाढवावा.

तांदूळ आणि तो कधी शिजवायचा

कोरियात रोजचा भात आखूड, गोल दाण्याच्या जापोनिका तांदळाचा. तो मुळातच थोडा चिकट असतो आणि या पदार्थात तसाच हवा. सुटी सुटी फडफडीत शितं हे इथलं ध्येय नाही. दाणा अखंड, बाहेरून कोरडा आणि आतून मऊ राहिला म्हणजे झालं. जर्मनीत तो सहज मिळाला नाही, तर दुधातल्या गोड खिरीसाठी विकला जाणारा मिल्शराइस बऱ्यापैकी काम देतो, फक्त तो पाणी नितळ होईपर्यंत धुवायला हवा. पिशवीत उकळायचा पार्बॉइल्ड, म्हणजे उकडा, लांब दाण्याचा तांदूळ मी या पदार्थाला वापरणार नाही. तो मोकळा राहतो खरा, पण गोचुजांग त्याला धरत नाही आणि खाली खरवड नीट येत नाही.

भात आदल्या रात्री शिजवलेला असावा, हा सल्ला बरोबर आहे आणि त्यामागे कारण आहे. शिजलेला स्टार्च थंडीत पुन्हा घट्ट बांधला जातो, आणि फ्रिजच्या तापमानाला, म्हणजे साधारण चार अंशांच्या आसपास, हे सगळ्यात वेगाने होतं. शिवाय पृष्ठभागावरची ओल थोडी उडून जाते. त्यामुळे दाणा परतणं सहन करतो. भात शिजवताना नेहमीपेक्षा थोडं कमी पाणी घाला. धुऊन निथळलेल्या आखूड दाण्याला मापाच्या १.१ पट पाणी पुरतं.

आदल्या दिवशी जमलं नाही, तर आजचा भातही चालतो. मोठ्या ताटात पातळ पसरा आणि खिडकीपाशी किंवा पंख्याखाली वीस मिनिटं ठेवा. वाफ गेली की निम्मं काम झालं.

एका बाबतीत मात्र सवलत घेऊ नका. शिजलेला भात रात्रभर बाहेर ठेवू नये. बॅसिलस सेरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू शिजवूनही मरत नाहीत, कोमट भातात ते वाढतात, आणि त्यांनी तयार केलेलं एक विष नंतर परतल्यानेही जात नाही. भात तासाभरात थंड करून फ्रिजमध्ये ठेवा, दुसऱ्या दिवशीच संपवा आणि एकदाच गरम करा. हिवाळा असला तरी स्वयंपाकघर गरमच असतं.

फार आंबट झालं तर

दोन आंबवलेले कोबी एकत्र आल्यावर हे होणारच, असं वाटतं. पण सहसा चुकीची जोडी कारणीभूत असते. परतलेल्या भाताला जुनी, आंबट किमची घ्यावी असं कोरियन घरांत सांगतात, आणि एकट्या किमचीच्या भातासाठी ते अगदी खरं आहे. ताज्या किमचीत लसणाचा कच्चा उग्रपणा असतो, आणि तो परतूनही पूर्ण जात नाही. पण शेजारी साउरक्राउट असताना कित्येक महिने मुरलेली मुगुन्जी घेतली तर आंबटावर आंबट चढतं. मला इथे मध्यम मुरलेली, फ्रिजमध्ये दोन-तीन आठवडे राहिलेली किमची सगळ्यात योग्य वाटते, आणि सोबत वाइनसाउरक्राउट, म्हणजे पांढरी वाइन घालून केलेलं सौम्य साउरक्राउट. घरात फक्त खूप जुनी किमची असेल तर साउरक्राउट ५० ग्रॅमवर आणा.

पिळल्यावरही आंबटपणा जास्त वाटला तर साउरक्राउट एकदा गार पाण्यातून काढून पुन्हा पिळा. एकदाच. दोनदा धुतलं की नुसता चोथा उरतो. साखर घालून आंबटपणा मारायचा प्रयत्न बरेच जण करतात, त्याने गोड-आंबट सॉसची चव येते. त्यापेक्षा कांदा वाढवा आणि तो सावकाश तपकिरी होऊ द्या, किंवा अर्धं सफरचंद किसून कोबीबरोबर परता. साउरक्राउटमध्ये सफरचंद घालणं ही जर्मन स्वयंपाकातली जुनी पद्धत आहे आणि गोचुजांगशी ते चांगलं जुळतं. लोण्याचा एक तुकडा आणि वरचं कच्चट बलकाचं अंडंही आंबटपणाची धार बोथट करतात. खाण्याचा सोडा घालू नका. कोबी बुळबुळीत होतो आणि साबणासारखी चव येते.

खारट होण्याचं गणित

पॅनमध्ये मीठ न घालताही हा भात खारट होतो, याचं लोकांना आश्चर्य वाटतं. साउरक्राउट आंबवताना कोबीच्या वजनाच्या दोन टक्क्यांच्या आसपास मीठ घालतात. किमचीत आणि सॉसेजमध्येही मीठ साधारण दोन टक्क्यांच्या घरात असतं. गोचुजांग याहून बरीच खारट. वरच्या प्रमाणात, काहीही न पिळता, दोघांच्या भातात आठ-नऊ ग्रॅम मीठ सहज जमतं. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसभरासाठी पाच ग्रॅमच्या आत राहायला सांगते, म्हणजे एका जेवणात जवळजवळ पूर्ण दिवसाचा कोटा झाला. त्यामुळे भात शिजवताना मीठ अजिबात नको, सोया सॉस नको, लोणी बिनमिठाचं. पिळल्याने कोबीतलं मीठ थोडं जातं, हा त्या पहिल्या पायरीचा आणखी एक फायदा. आणि सॉसेज खारट असेल तर ते कमी करा, किमची नको.

गोचुजांग करपते किंवा भाताला गोळे धरतात

गोचुजांगमध्ये मिरचीबरोबर चिकट तांदूळ, आंबवलेल्या सोयाबीनची पूड आणि बहुधा बार्लीचं माल्ट असतं. म्हणजे साखर आणि स्टार्च दोन्ही. तापलेल्या तेलात ती थेट टाकली की क्षणात काळी आणि कडू होते. उलट भातावर टाकली तर एका जागी लाल गोळा, दुसरीकडे पांढरा भात, आणि तो मिसळायच्या नादात शितांचा चुरा.

ती आधी वाटीत पातळ करा: एक मोठा चमचा गोचुजांग आणि राखून ठेवलेलं किमचीचं पाणी दोन मोठे चमचे. कोबी कोरडा झाला, तडतड ऐकू आली, की आच मंद करून हे मिश्रण कोबीवर ओता आणि अर्धा-पाऊण मिनिट परता. पाणी लगेच उडतं, कोबीला लाल चकाकी येते. मग आच वाढवून गार भात घाला. भाताचे गोळे पॅनमध्ये फोडण्यापेक्षा घालण्याआधी ओल्या हाताने हलके मोकळे करून घ्या. रंग कोबीकडून भाताला आपोआप जातो.

सॉसेज आता परत आत घाला. मग भात पॅनभर सपाट पसरून उलथन्याने हलकेच दाबा आणि दोन-तीन मिनिटं तसाच सोडा. हलवायचा मोह टाळा. खालून खरवड धरायला हवी, कोरियात नुरुंग्जी म्हणून आवडीने खातात तशी. आंबट, मऊ भातात तो कुरकुरीत थर आला की पदार्थ पूर्ण होतो. तिळाचं भाजकं तेल गॅस बंद केल्यावरच घाला, कारण तापवलं की त्याचा वास उडतो. मोहरीचा सॉस, मध्यम तिखट जर्मन झेन्फ, ताटात बाजूला.

पॅनला चिकटणं आणि लोखंडी चव

लोखंडी किंवा बिडाचा पॅन असेल तर आम्लामुळे त्याचा मुरलेला थर हळूहळू निघतो आणि भाताला धातूची चव येते. थर पक्का असेल आणि काम पंधरा मिनिटांत आटोपत असेल तर चालतं, पण जेवण होईपर्यंत भात त्यात ठेवू नका, लगेच काढून घ्या. रोजच्यासाठी स्टीलचा जाड बुडाचा किंवा नॉनस्टिक पॅन सोयीचा. नॉनस्टिक रिकामा तापवू नका.

सॉसेज, आणि सॉसेज नको असेल तर

ब्राटवुर्स्ट हे भाजण्या-परतण्याचं जर्मन सॉसेज कच्चंही मिळतं आणि आधीच वाफवलेलंही. पाकिटावर पाहून घ्या. कच्चं असेल तर कापून रंग आला म्हणजे झालं असं समजू नका, आतपर्यंत शिजायला हवं. या पदार्थाला मला क्राकाउअरसारखं लसणाचं, स्मोक्ड सॉसेज जास्त आवडतं, कारण धुराचा वास दोन्ही कोबींना एकत्र बांधतो. शाकाहारी मंडळींनी स्मोक्ड टोफू घ्यावा. जर्मनीत तो सर्रास मिळतो. कापडात दाबून, छोटे चौकोन करून, कडा कडक होईपर्यंत परतला की तोच धूर भातात येतो. पण किमचीचा डबा वाचल्याशिवाय घेऊ नका. पारंपरिक किमचीत मासळीचा सॉस किंवा आंबवलेली कोळंबी असते आणि चवीवरून ते कळेलच असं नाही.

ही जोडी कुणाला ओढूनताणून आणलेली वाटते, म्हणून एवढं सांगतो. डिसेंबर १९६३मध्ये पश्चिम जर्मनी आणि दक्षिण कोरिया यांच्यात करार झाला आणि १९७७पर्यंत सुमारे आठ हजार कोरियन खाणकामगार तिथे गेले, त्यातले बरेच रूर खोऱ्यातल्या कोळशाच्या खाणींत. दहा हजारांहून जास्त परिचारिकाही गेल्या. त्यातली काही कुटुंबं परतून दक्षिण कोरियाच्या किनाऱ्यावर नामहे इथल्या जर्मन गावात लाल कौलांच्या घरांत राहिली, आणि तिथे आजही सॉसेज आणि बिअर मिळते. चवीच्या बाजूनेही नातं जवळचं आहे. ल्यूकोनोस्टॉक आणि लॅक्टोबॅसिलस कुळातले तेच लॅक्टिक जिवाणू कोबी आणि मीठ यांच्यापासून दोन्हीकडे आंबटपणा तयार करतात. एकीकडे मिरची-लसूण, दुसरीकडे कॅरवे आणि जुनिपर ही मसाल्याची सुवासिक फळं, एवढाच फरक.

आठवड्याच्या मधल्या संध्याकाळसाठी

पिळणं, कांदा तपकिरी करणं, कोबी कोरडा करणं, यातच वीस मिनिटं जातात. ते सुटीच्या दिवशी दुप्पट-तिप्पट प्रमाणात करून ठेवा. कोबी-कांद्याचा हा कोरडा मसाला बंद डब्यात फ्रिजमध्ये तीन-चार दिवस छान राहतो. गोचुजांग मात्र त्यात आधी मिसळू नका, साठवताना पुन्हा ओल धरते. भात आदल्या रात्री. मग संध्याकाळी सॉसेज, मसाला, गोचुजांग, भात, अंडं, आणि बारा-पंधरा मिनिटांत ताट पुढ्यात.

आणि आज आत्ता पॅनमध्ये गिचका झालाच असेल तर आच वाढवून ढवळत बसू नका, त्याने तो आणखी मोडतो. ओव्हन २२० अंशांवर तापवा, पसरट भांड्याला लोणी लावा, भात दोन सेंटिमीटरपेक्षा जाड होणार नाही असा पसरा, वर किसलेलं एमेन्टाल किंवा गौडा चीज घाला आणि वरच्या कप्प्यात पंधरा मिनिटं ठेवा. पाणी वरून आणि कडांनी उडतं, चीज तपकिरी होतं. ओव्हन नसेल तर सरळ उलट दिशेला जा: त्यात दोन कप गरम पाणी किंवा सूप, थोडा टोफू आणि कांद्याची पात घालून दहा मिनिटं उकळा. घट्ट, तिखट, आंबट भाताचं सूप होतं, आणि बाहेर कडाका असेल तर ते ताटलीपेक्षा वाडग्यातच बरं लागतं.